पोच मिळेपर्यंत

“दिवा अजून लालच,” गच्चीवर लॅपटॉप मांडीवर घेऊन बसलेली लेक म्हणाली.

आईने वॉकीटॉकी तोंडाशी धरली. “लालच आहे. ओव्हर.”

“पोच,” नदीपलीकडच्या दवाखान्याच्या छपरावरून बाबांचा आवाज आला.

कालपासून नवराबायकोत बोलणं होतं ते एवढंच. पलीकडे मोबाइलला रेंज नाही, म्हणून तर दवाखान्याला इंटरनेटची ही वायरलेस जोडणी हवी होती, आणि दुपारपर्यंत ती लागली नाही तर डॉक्टर काम दुसऱ्याला देणार होते. दोन छपरांवर दोन डिश, एकमेकींकडे तोंड करून, आणि दोघी गप्प. आईचं म्हणणं होतं, आपल्याकडची डिश जुनी आहे, तिला नव्या पद्धतीचं कळत नाही. तेव्हा पलीकडच्या नवीलाच जुन्या पद्धतीवर आणा. “नवी हुशार आहे, घेईल आपोआप जुळवून,” बाबांनी जेवताना ठणकावून सांगितलं. तिथून जे वाजलं ते वाजलंच.

‘माझं चुकलं’ हे शब्द त्या संसारात आजवर एकाच बाजूने गेले होते, आईकडून बाबांकडे. तिचं चुकलेलं नसतानाही. ते एकदा तरी उलट यावेत, एवढीच तिची हौस होती.

वॉकीटॉकीचा नियम मात्र भांडणातही दोघं इमानेइतबारे पाळत. नियम आईनेच घातलेला: ऐकू आलं की ‘पोच’ म्हणायचं. पोच आली नाही, तर तेच पुन्हा सांगायचं.

“आई! हिरवा!”

लेकीने आईला मिठीच मारली. आई कशीबशी सुटली. “अहो, लागलं हो, लागलं! काय केलंत? ओव्हर.”

“पोच. विशेष काही नाही. जरा वायर हलवली. ओव्हर.”

लेकीने लॅपटॉप आईकडे वळवला. पलीकडची डिश जुन्या पद्धतीवर आणलेली पडद्यावर स्वच्छ दिसत होती.

“कुठली वायर हलवलीत ते इथं दिसतंय बरं का. ओव्हर.”

पोच आली नाही. नुसतीच खरखर. मग बाबा खाकरले.

“तुझं बरोबर होतं. माझं चुकलं. ओव्हर.”

आईच्या डोळ्यांत टचकन पाणी आलं. तिने वॉकीटॉकी अलगद मांडीवर ठेवली, पाय लांब केले आणि थर्मासमधला चहा ओतून घेतला.

“अगं, मिळालं का? तुझं बरोबर होतं! माझं चुकलं! ओव्हर.”

आईने चहावर फुंकर घातली.

तिसऱ्या खेपेला बाबा छपराच्या कठड्याशी आले आणि असे ओरडले की वॉकीटॉकीची गरजच उरली नाही. “माझं चुकलं गं!” दवाखान्याच्या दारातले पेशंट माना वर करून बघू लागले. नर्स तोंडावर हात ठेवून हसत होती.

“आई, चांगलं ऐकू येतंय की! पोच दे ना बिचाऱ्यांना.”

“देते गं, घाई काय आहे?” आई म्हणाली. “पोच दिली की सांगायचे थांबतील ते.”