एकोणीस नावं

लॉर्ड ऑस्विन हेथरली घराण्याच्या जोरावर जनरल झाले. त्यांच्या एका हुकमानं आमच्या गावची एकोणीस पोरं तोफांच्या तोंडी गेली. साहेब तेव्हा तीन मैल मागे जेवत होते.

तरी स्मारकाच्या उद्घाटनाला तेच आले. भर दुपारी चर्चच्या अंगणात ते नावं वाचू लागले.

"टोबायस पेल."

"हजर!" अंगणापलीकडच्या रिकाम्या कुरणातून आवाज आला.

साहेब चपापले. "कोण चेष्टा करतंय?"

"वाचा की साहेब," टोबायसची आई शांतपणे म्हणाली. "अजून अठरा आहेत."

त्यांना थांबताच येईना. प्रत्येक नावाला उत्तर आलं, दर वेळी आणखी जवळून.

यादी संपली. त्यांच्या पाठीशी कुणीतरी अदबीनं म्हणालं, "चला साहेब. आता तुम्ही पुढे."

आम्ही गावकऱ्यांनी बाजूला होऊन वाट करून दिली.