खुब्याची केस

"पाय आत वळवा," परीक्षक म्हणाले.

सतरा नंबरची मुलगी जागची हलली नाही. कॉटवर आजी उताणी पडली होती. मोरीत घसरून पडल्याला चार दिवस झाले होते. ऑपरेशन कालच व्हायचं होतं, पण डॉक्टरकीच्या परीक्षेला केस हवी म्हणून पुढे ढकललं होतं. हाड ताणून धरायला पायाला बांधलेलं वजनही सकाळी सोडून ठेवलं होतं. उजवा पाय दोन बोटं आखूड दिसत होता आणि पाऊल पार बाहेर कललं होतं.

"सर, मांडीचं हाड खुब्यापाशी मोडलंय. बघूनच कळतंय. उगाच हलवलं तर..."

"बघून ज्योतिषी सांगतात, बाई. डॉक्टर हात लावून सांगतात." त्यांनी घड्याळ पाहिलं. "का सहा महिन्यांनी परत येताय?"

ती खाली वाकली.

"आजी, जरा दुखेल हं."

"सकाळपासून सगळे हेच म्हणतायत," आजी म्हणाली.

तिनं एक हात गुडघ्याखाली घातला, दुसऱ्यानं टाच धरली आणि पाय वळवला. आजीनं आ वासला. आवाज काही फुटला नाही. नुसता कॉटचा लोखंडी दांडा तिच्या मुठीत खडखडला.

"काय लागलं हाताला?"

"हाडावर हाड घासल्याची करकर, सर."

"आता कसं! ही करकर पुस्तकात सापडली असती?" परीक्षक मनापासून खूश झाले. "आणि अशीच पडून राहिली तर?"

"पायात रक्ताची गुठळी, न्यूमोनिया, पाठीला जखमा. या वयात चार-पाचांतला एक पेशंट वर्षभरात दगावतो, सर."

कुठेही न अडखळता तिनं घडाघडा सांगितलं. आजी तिच्या तोंडाकडे बघत होती.

"छान. या."

ते मार्क मांडायला टेबलाकडे वळले, तशी आजीनं तिच्या ॲप्रनचं टोक पकडलं.

"पोरी, अजून किती जण आहेत गं?"

बाहेरच्या बाकावर आठ जण बसले होते.

"झालं, आजी. मीच शेवटची."

आजीनं ॲप्रन सोडला. चार दिवसांत पहिल्यांदाच तिचे खांदे सैल पडले. "सुखी राहा गं बाळ," ती पुटपुटली आणि तिनं डोळे मिटले.

"अठरा!" शिपायानं हाक दिली.

अठरा नंबरचा मुलगा दोन्ही तळहात एकमेकांवर घासत आत आला. पेशंटला गार हात लावू नये, एवढं त्याला नीट शिकवलेलं होतं.