पोथीत घातलेली चार पानं

वामनराव मास्तरांनी पोथीचं फडकं सोडलं, पानं सारखी केली आणि कोणाचं लक्ष नाही असं पाहून आपली चार पानं मध्ये सरकवून दिली. जुन्या पानांच्याच मापाची कापलेली, बोरूनं ठळक अक्षरात लिहिलेली. लांबून पाहणाऱ्याला फरक कळला नसता.

अमडापूरच्या देवळात चातुर्मासातली दुपारची पोथी ही बायकांची. मास्तर बारा वर्षं ती वाचत होते. ओवी म्हणायची, मग साध्या बोलीत अर्थ सांगायचा. आज युद्धातला तो अध्याय होता. सोळा वर्षांचा पोर व्यूहात शिरतो आणि परत येत नाही. या अध्यायावर पोथी मिटायची नाही, असा इथला रिवाज. मरणावर पोथी ठेवली तर ते मरण ऐकणाऱ्याच्या घरी येतं म्हणतात. म्हणून मास्तर दरसाल पुढची पानं काढून त्या पोराच्या पोराचा जन्म वाचायचे. बायका जन्माची साखर वाटायच्या आणि मगच उठायच्या.

रुखमाबाई रोजच्या जागी, खांबाला टेकून बसल्या होत्या. त्यांचा शालिग्राम चीनच्या लढाईत होता. लढाई संपली, तार आली. तारेत 'बेपत्ता' एवढंच होतं. तेव्हापासून त्या दोन्ही वेळा त्याचं ताट वाढत. रडत मात्र नसत. कालच त्यांचे यजमान रंगराव मास्तरांच्या ओट्यावर येऊन बसले होते.

"मास्तर, दहा महिने झाले. डोयातून टिपूस नाही तिच्या. येड लागन तिले. तुमी चार शब्द सांगा, तुमचं ऐकते ते."

मास्तरांनी हो म्हटलं. खरं तर त्या चार पानांवरच्या चाळीस ओव्या रंगराव यायच्या आधीच लिहून तयार होत्या. जुन्या कवीनं त्या पोराच्या आईला दोन ओव्यांत उरकलं, हे मास्तरांना वर्षानुवर्षं सलत होतं. पण ती आई काय बोलेल, हे काही सुचत नव्हतं. यंदा सुचलं. रुखमाबाईंच्या घरी बसून, त्यांच्या हातचा चहा पीत, त्यांनी सगळं ऐकून घेतलं होतं. तीस वर्षं कविता करून एक ओळ छापून न आलेला हा माणूस. पहिल्यांदाच काही जमून आलं होतं, आणि ते वहीत झाकून ठेवणं त्यांच्या जिवावर आलं. बाईला रडू येईल, बाई मोकळी होईल, अशी त्यांनी मनाची समजूत घातली. ती अगदीच खोटी होती असंही नाही.

पोथीतला पोर पडला. मास्तरांनी पान उलटलं आणि आपलं वाचायला घेतलं.

तव्यावरची अर्धी भाकरी । तैसीच राहिली चुलीवरी ।
तू निघालासी झडकरी । मागे वळोनि न पाहिले ॥

बायकांनी डोळ्यांना पदर लावले. म्हातारी भिमाबाई तर हुंदके देऊ लागली. मास्तरांचा आवाज भरून आला, आणि त्या भरून येण्यात थोडं सुखही होतं. असं करत ते शेवटच्या ओवीला आले.

आता विझविते दारीचा दिवा । वाटेकडे डोळा कशास लावा ।
बाळ माझा गेला देवा । रिते ताट उचलिते ॥

हुंदके थांबले. एकेक बाई रुखमाबाईंकडे पाहू लागली. ताट कोणाचं, हे साऱ्या गावाला ठाऊक होतं.

रुखमाबाईंचे डोळे कोरडेच होते.

"मास्तर, ते भाकर माह्या तव्यावरची हाय."

"हाव, बाई."

"ताट बी माह्याच घरचं."

"हाव."

"मंग माह्या पोराले काऊन मारलं तुमी? सरकारनं नाही मारलं त्याले. तारीत नाही मारलं. तुमी मारलं, देवापुढं बसून."

"बाई, हे पोथीतल्या मायचं हाय," मास्तर पुटपुटले, पण त्यांचं त्यांनाच ते पटलं नाही. घाईघाईनं त्यांनी पुढची जुनी पानं ओढली आणि जन्माचा अध्याय शोधू लागले.

"ते नोका वाचू," रुखमाबाई म्हणाल्या. "ते राजाघरचं पोरगं. त्याच्या मागं लेकरू झालं. माह्या शालिग्रामचं तं लगन बी नाही झालं."

"मंग काय वाचू, बाई?"

"मरनावर पोथी ठेवत नाहीत, दरसाली तुमीच सांगता. तुमी लिवलं ना हे? मंग त्याच्या पुढचं वाचा."

मास्तरांनी आपलं चौथं पान उलटलं. मागची बाजू कोरी होती. पुढच्या शाईचे डाग तेवढे पलीकडून फुटले होते.

पोथी मिटता येईना. कोणी उठेना. कोणीतरी आणलेल्या साखरेच्या पुडीला मुंग्या लागल्या. पायऱ्यांवरचं ऊन उतरून गेलं, गुरं घराकडे वळली, चुली पेटवायची वेळ झाली. रुखमाबाई पदर सावरून, हात जोडून बसल्या होत्या, पुढची ओवी ऐकायला.