तरंगत्या नगरीतला सत्कार

राजेसाहेबांना शाल घालून झाली, त्यांच्या मेव्हण्यांनाही घालून झाली, तरी मांत्रिक वज्राई व्यासपीठाच्या पायरीवर ताटकळतच होती. सूर्य मावळायच्या आत मंत्र झाला नाही, तर ढगांवर तरंगणारी ही नगरी कोसळणार होती. मंत्रात एकेका जागेचं नाव घ्यावं लागे. जिचं राहील, ती खाली. पण सत्काराआधी मंत्र म्हणायची इथे रीत नव्हती.

प्रधानजी 'दोन शब्द' बोलायला उठले आणि नगरी कलली. सत्काराचे नारळ गडगडत प्रेक्षकांत गेले. लोकांनी ते अदबीनं परत आणून दिले.

"राजेसाहेब, आता तरी मंत्र होऊ द्या," वज्राई म्हणाली.

"बाई, अजून आभारप्रदर्शन राहिलंय."

ते संपेपर्यंत सूर्य टेकला. "हं, म्हणा मंत्र," प्रधानजी म्हणाले, "पण वेळ कमी आहे, थोडक्यात आटपा."

वज्राईनं मान डोलावली आणि ती पायरी उतरून लोकांत जाऊन उभी राहिली. कुंभारआळी, साळीआळी, पाणवठा, गुरांचे गोठे, अगदी स्मशानसुद्धा. तिनं एकेक नाव सावकाश घेतलं.

वेळेअभावी फक्त व्यासपीठ राहून गेलं.