दिव्याकडे बघणारं गाव

"हसू नका हो!" मगन कपाळावर हात मारून खाली बसला. सिनेमा त्याचा, दिग्दर्शनही त्याचंच.

पिंपळनेरजवळच्या त्या खेड्यात सत्याऐंशीच्या डिसेंबरातला हा तिसरा दिवस. प्रसंग साधा होता. गावात पहिल्यांदा वीज येते, खांबावरचा दिवा लागतो आणि सगळं गाव आ वासून वर बघतं. पण इथे वीज येऊन पंधरा वर्षं झाली होती. दिवा लागला की पहिल्या रांगेतल्या ताईबाईलाच हसू फुटायचं आणि तिच्यामागे अख्खं गाव खिदळायचं.

"दिवाच शे ना भाऊ, तेकडे काय देखानं?" ती म्हणायची.

फिल्मचा एकच डबा उरला होता. जेमतेम चार मिनिटं. तो वाया गेला असता तर दोन वर्षं राबून केलेला सिनेमा अर्धाच राहिला असता.

मगनला भरवसा होता तो कॅमेरामन देवचंदचा. देवचंद बोदवडच्या शेतकऱ्याचा मुलगा. मुंबईची बडी कामं सोडून असल्या फाटक्या युनिटांबरोबर तो हौसेने हिंडायचा. तळहातावर ऊन घेऊन उजेड किती ते सांगायचा. मीटर नंतर काढायचा, आणि मीटरही त्याचंच ऐकायचं. असा माणूस लाभायला खरंच नशीब लागतं. गावाला तर त्याचं भारी अप्रूप. तो चुलीपाशी बसून भाकरी खायचा, अहिराणी बोलायचा.

"उद्या सुट्टी जाहीर कर," त्याने गावाला ऐकू जाईल असं मगनला सांगितलं. "मी नुसता सखाराम आबांच्या घराच्या धाब्यावर चढून उजेड बघतो."

सुट्टी कसली! सकाळी सगळं गाव आबांच्या घरापुढे हजर. वर मातीच्या सपाट धाब्यावर कॅमेऱ्याचं तीन पायांचं तिकाटणं मांडलेलं. लाल स्वेटर घातलेला माणूस काळं कापड डोक्यावरून ओढून यंत्राला डोळा लावून बसलेला.

"देवचंदभाऊ काय करी ऱ्हायना?" ताईबाईने हळूच विचारलं.

"उजेड मोजी ऱ्हायना," शेजारचा अभिमन म्हणाला. "बोल नको. आपला खान्देशना पोऱ्या शे तो."

घर्र आवाज सुरू झाला. बोलणी थांबली. बायांनी कडेवरची पोरं उंच धरली. ताईबाईचं तोंड उघडं ते उघडंच राहिलं, आणि डोळ्यांत असं कौतुक दाटलं की बघणाऱ्याला भरून यावं. चार मिनिटं कुणी हललं नाही. इतकी माया तिथे एका जागी जमली होती.

आवाज थांबला. आबांच्या घराचं दार उघडलं आणि कॅमेरा छातीशी धरून देवचंद बाहेर आला.

"झालं रे मगन. एकूण एक चेहरा मिळाला खिडकीतून."

गावाने पुन्हा वर पाहिलं. लाल स्वेटरातल्या, युनिटच्या निंबा आचाऱ्याने कापड ओढून काढलं. तिकाटण्यावर भाकरीचं टोपलं पालथं घातलेलं होतं.