होकार देणारा

"दोन कप कशाला?" तपासनिसाने विचारलं.

ओट्यावर दोन कप उपडे घातले होते, दोन्ही ओले. बाईने त्यांच्याकडे असं पाहिलं, जणू ते आत्ताच कुठून तरी आले होते.

"सवय," ती म्हणाली.

त्याने वहीत लिहून घेतलं. नवरा जाऊन आठ महिने झालेले, आणि म्हणे सवय! कुठेतरी पाणी मुरत होतं. खालच्या मजल्यावर शिवणकाम करणाऱ्या बाईंची तक्रार अगदी स्पष्ट होती. वर रोज सकाळी कोणीतरी बोलतं, थांबतं, पुन्हा बोलतं. थांबतं म्हणजे पलीकडून उत्तर येत असणार.

त्या शहरात ही साधी गोष्ट नव्हती. तिथलं जगच मुळात कच्चं. लक्ष दिलं नाही तर भिंत फुगायची, जिन्याची एखादी पायरी कमी व्हायची, कालची खिडकी आज निम्मीच उरायची. म्हणून घरोघरी सकाळी म्हणणी चाले. एकाने म्हणायचं, "दार पूर्वेला आहे," दुसऱ्याने म्हणायचं, "हो." की झालं दार पूर्वेला. पश्चिमेला हवं असेल तर तसं म्हणायचं. एकट्याचं बोलणं वारा, दोघांचं बोलणं भिंत, हे शाळेत पहिल्याच दिवशी घोकून घेत. काही मंडळींनी मागे उत्साहाच्या भरात गावातली नदीच "नाही" म्हणून टाकली होती, अशी कुजबूज होती. पण नदी पाहिल्याचं कोणालाच आठवत नसल्यामुळे त्यावर लोक नुसते हसत. बाकी "हो" हा शब्द मात्र सगळे जपून वापरत. एरवी "असेल" म्हणत, "बघू" म्हणत.

कायदा एकच होता. वस्तू म्हणावी, माणूस म्हणू नये. मेलेला तर नाहीच नाही.

"होकार कोण देतं?" तपासनिसाने विचारलं.

"कसला होकार?"

बाई ताकास तूर लागू देत नव्हती. त्याने कपाट उघडलं. पुरुषाचे सहा शर्ट, इस्त्री केलेले. पलंगावर दोन उशा. तो खाली वाकला, पलंगाखाली पाहिलं, पडदे झटकले. मध्येच त्याने घड्याळ पाहिलं. चार वाजता लेकीच्या शाळेत धावण्याची शर्यत होती, तिची पहिलीच, आणि तिने त्याच्याकडून तीनदा वचन घेतलं होतं.

ती धावू कशी शकते, हे मात्र तो कोणाला सांगू शकत नव्हता. पोर जन्मली तीच डावा पाय आत वळलेला घेऊन. गेली सहा वर्षं रोज सकाळी, ती उठायच्या आत, तो बायकोला हळूच म्हणे, "तिचा पाय सरळ आहे," आणि बायको म्हणे, "हो." एकदा तो परगावी गेला, तर दुपारपर्यंत पोर लंगडायला लागली होती. आपलं ठेवायचं झाकून आणि दुसऱ्याचं बघायचं वाकून, असला हा प्रकार. त्याला त्याची लाज वाटे. पण चोराच्या मनात चांदणं, म्हणून कार्यालयात त्याच्याइतकं कडक कोणी तपासत नसे.

"हे बघा बाई," तो म्हणाला, "दहा मिनिटं देतो. नाहीतर खाली थांबलेल्या शिपायाला वर बोलावून भिंती ठोकून घेईन."

"ठोका ना. कोणी नाही इथे."

"मग सकाळी बोलता कोणाशी?"

बाई पलंगाच्या कडेवर बसली. "यांच्याशीच. मी म्हणते, तुम्ही आहात. मग थांबते जरा. कोणी काही बोलत नाही. मग परत म्हणते."

त्याने पहिल्यांदाच खोलीकडे नीट पाहिलं. भिंतीवरची फळी एका बाजूला कलली होती. छताला पोक आलं होतं. खिडकी इतकी आक्रसली होती की तिच्यातून हातसुद्धा बाहेर गेला नसता. दोन माणसं बोलतात ते घर असं नसतं. बाई खरं सांगत होती, आणि त्याला तिची फार दया आली.

"तुम्ही म्हणा ना एकदा," ती म्हणाली. "एक शब्द. कोणाला कळणार नाही."

तो एक पाऊल मागे सरला. दुसऱ्याच्या घरात "हो" म्हणायचं नाही, हा त्याच्या नोकरीचा पहिला धडा. "ते जमायचं नाही."

"घरी मूल असेल ना तुमच्या? मग तुम्हाला काय सांगायचं? आपल्या माणसासाठी काय काय करावं लागतं, ते तुम्हाला माहीतच असणार."

हिला कोणी सांगितलं? काय काय सांगितलं? की हे सगळंच त्याच्यासाठी मांडलेलं होतं, ती तक्रार, ते शर्ट, ही गरीब बाई? वरिष्ठ हल्ली त्याच्याकडे जरा वेगळंच बघत होते. मूल आहे म्हटलं की पुढचा प्रश्न येणार, मग त्याच्या पुढचा, आणि शेवटी गोष्ट पायावर जाणार. लेकीला वाचवायचं तर इथेच तोडायला हवं होतं.

"मला मूलबाळ नाही," तो ठासून म्हणाला.

बाईने त्याच्याकडे पाहिलं.

"हो," ती म्हणाली.

तपासनिसाने वही मिटली. पावणेचार झाले होते. बाईने चहा ठेवू का विचारलं, तेव्हा तो खुर्ची ओढून निवांत बसला. आज घाई कसलीच नव्हती. घरी काय, तो आणि बायको, दोघंच. लग्नाला दहा वर्षं झाली, तरी पाळणा काही हलला नव्हता.