डेस्मंडची छोटी कामं

माझा नवरा डेस्मंड चाळीस वर्षं टीव्हीवर आणि सिनेमात छोटी कामं करत आला. कधी हवालदार, कधी पाद्री, बऱ्याचदा नुसतंच प्रेत. हल्ली तो चहाची किटली कपड्यांच्या कपाटात ठेवतो, म्हणून त्याला हेस्टिंग्जला मेंदूच्या डॉक्टरांकडे नेलं. तिथे पठ्ठ्याने वार, तारीख, पंतप्रधानांचं नाव, सगळं न अडखळता सांगितलं. वर डॉक्टरांना दोनदा हसवलं. डॉक्टर माझ्याकडेच संशयाने बघायला लागले.

संशय मलाही आलाच. म्हणजे इतके दिवस हा घरी सोंग करत होता की काय?

बसस्टॉपवर मी त्याला गाठलं. "खरं सांग, आत एवढं सगळं कसं आठवलं तुला?"

"पाठ केलं होतं," तो म्हणाला. "पण तो डॉक्टर झालेला नट फारच कच्चा. सारखा कागदात बघत होता."

मग त्याने टोपी काढली आणि अदबीने किंचित वाकला.

"तुम्ही मात्र बायको अगदी खरी वठवलीत. आपण आधी कधी एकत्र काम केलंय का?"